गोव्याच्या डोंगरातील धनगर-गवळी, त्यांची जनावरे आणि सरकारी कायदे : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

गेली काही वर्षे सत्तरी आणि सांगे तालुक्यांतील धनगरवाड्यांवर वनहक्काचे, म्हणजे रानातील घर, जमीन आणि चराई यांवरच्या हक्काचे, दावे भरण्याच्या कामाला मी हातभार लावतो. त्या निमित्ताने वाड्यावरची माणसे, पंचायतीचे पंच, महाविद्यालयात शिकणारी मुले आणि पणजी-मडगावकडचे स्नेही जे प्रश्न पुन्हा पुन्हा विचारतात, त्यांची उत्तरे येथे एकत्र केली आहेत. दाव्यापुरतीच माहिती हवी असलेल्या वाचकाने वनहक्क कायद्याच्या प्रश्नापासून वाचायला सुरुवात केली तरी चालेल. मात्र वाडा म्हणजे काय हे समजून न घेता भरलेले दावे बहुधा अपुरे राहतात, असा माझा अनुभव आहे.

गोव्यातील धनगर मेंढ्या पाळतात का?

नाही. धनगर म्हटले की घोंगडे, मेंढरांचा कळप आणि देशावरचे माळरान डोळ्यांपुढे येते. गोव्याच्या डोंगरातला धनगर मात्र म्हशीवाला आहे. सह्याद्रीच्या या उतारावर जून ते सप्टेंबर जो पाऊस कोसळतो, त्यात मेंढीची लोकर वाळत नाही आणि खूर सडतात. म्हैस पाण्याचिखलात रमते, आणि उन्हाळ्यात अंग थंड ठेवायला तिला जो डुंबण्याचा कोंड (खोल पाण्याचा डोह) लागतो, तोही इथल्या व्हाळात (ओढ्यात) मिळतो. म्हणूनच हा समाज स्वतःला धनगर म्हणवतो तसाच गवळीही म्हणवतो. म्हशींबरोबर काही गाई आणि शेळ्या असतात. सत्तरी, धारबांदोडा, सांगे, केपे आणि काणकोण या डोंगराळ तालुक्यांत त्यांचे वाडे विखुरलेले आहेत; बोली मराठीला जवळची असून तीत कोकणीचे शब्द मिसळलेले आहेत.

हे लोक भटके आहेत की स्थायिक?

कायद्याच्या दृष्टीने या प्रश्नाला फार महत्त्व आहे, आणि उत्तर एका शब्दात देता येत नाही. जुना धनगरवाडा म्हणजे चार-पाच कुटुंबांची कुडाची, गवताने शाकारलेली घरे, शेजारी म्हशींचा गोठा आणि हाकेच्या अंतरावर झर. गवत विरळ झाले, झर आटली, जनावरांत रोगाची साथ आली किंवा वाड्यावर अकाली मृत्यू झाला, की वाडा उचलून त्याच डोंगराच्या दुसऱ्या खांद्यावर नेला जाई. म्हणजे घर हलत असे, पण डोंगर तोच राही. कोणत्या महिन्यात कोणत्या उतारावर जनावरे न्यायची, कोणता पाणवठा चैत्रापर्यंत टिकतो, भात कापल्यावर कोणत्या गावच्या मळ्यात जनावरे बसवायची आणि त्या शेणखताच्या बदल्यात किती भात घ्यायचे, हे सगळे ठरलेले असे.

१९६१ मध्ये गोवा पोर्तुगीज राजवटीतून मुक्त झाल्यावर शाळा, रेशनकार्ड, मतदारयादी आणि पुढे वीज आली, तसे बहुतेक वाडे एका जागी स्थिरावले. सरकारदरबारी यातून दोन्ही बाजूंनी अडचण झाली. फिरण्याचा काळ दाखवावा तर अधिकारी म्हणतात की तुमचा ठावठिकाणा नव्हता. स्थिरावल्याचा काळ दाखवावा तर म्हणतात की तुम्ही तर अलीकडेच इथे आलात. या दोन वाक्यांमध्ये एक आख्खा समाज अडकून पडला आहे.

पूर्वी रानात जनावरे चारण्यासाठी कोणाची परवानगी लागत असे?

हा सगळा डोंगराळ पट्टा पोर्तुगिजांच्या ताब्यात अठराव्या शतकाच्या उत्तरार्धात आला, म्हणून त्याला नव्या काबिजादी (नव्याने जिंकलेला मुलूख) म्हणतात. किनाऱ्यालगतच्या जुन्या काबिजादींत जशी कोमुनिदादींची (गावकऱ्यांच्या सामाईक जमिनीच्या संस्थांची) दप्तरे वाढत गेली, तसे इथल्या रानाचे झाले नाही. सत्तरीत राणे घराण्याची मोकासदारी (गावांच्या महसुलाचा हक्क) होती, कुठे आल्वाऱ्याने (सरकारी सनदेने) जमीन दिलेली होती, कुठे भाटकार (जमीनमालक) होता आणि कुठे सरकारी जंगल होते. धनगराचा व्यवहार यांपैकी जो कोणी समोर असेल त्याच्याशी आणि तोही तोंडी चाले. उतारावर कुमेरी (झाडी तोडून-जाळून केलेली फिरती शेती) करून नाचणी आणि वरी पिकवली जाई. ताक घरी राही, लोणी आणि तूप बाजारात जाई. कागद करण्याची गरज दोन्ही बाजूंना वाटली नाही.

१९६१ च्या डिसेंबरात गोवा मुक्त झाला, १९६८ मध्ये जमीन महसूल संहिता आली आणि सत्तरच्या दशकात जमिनींची मोजणी झाली. त्या मोजणीतून एक-चौदाचा उतारा, म्हणजे जमिनीचा ताबा आणि हक्क दाखवणारा सरकारी कागद, जन्माला आला. दिवसा जनावरांमागे रानात असलेला माणूस मोजणीच्या वेळी घरी नव्हता, आणि असता तरी साखळी कशासाठी टाकतात हे त्याला कोणी समजावून सांगितलेले नव्हते. परिणामी वाड्याखालची जमीन उताऱ्यावर सरकारच्या, नाहीतर भाटकाराच्या नावे लागली. त्या उताऱ्यात इतर हक्कांसाठी वेगळा रकाना आहे. वाड्यांच्या जमिनींचे जे उतारे मी पाहिले, त्यांतील बहुतेकांत तो रकाना कोरा आहे.

अभयारण्य जाहीर झाल्यामुळे नक्की काय बदलले?

आधी आकडे पाहू. गोव्याचे क्षेत्रफळ ३,७०२ चौरस किलोमीटर. त्यात म्हादई अभयारण्य सुमारे २०८, नेत्रावळी सुमारे २११, मोले येथील भगवान महावीर अभयारण्य आणि राष्ट्रीय उद्यान मिळून सुमारे २४०, आणि खोतीगाव सुमारे ८६ चौरस किलोमीटर. बोंडला आणि चोडणचे सलीम अली पक्षी अभयारण्य ही त्या मानाने लहान आहेत. सगळे मिळून राज्याचा साधारण पाचवा हिस्सा संरक्षित आहे, आणि तो जवळजवळ संपूर्णपणे त्याच डोंगरात आहे जिथे वाडे आहेत.

खोतीगाव आणि मोले ही साठच्या दशकाच्या अखेरची. म्हादई आणि नेत्रावळी १९९९ मध्ये, राज्यात राष्ट्रपती राजवट असताना आणि निवृत्त लेफ्टनंट जनरल जे. एफ. आर. जेकब राज्यपाल असताना जाहीर झाली. खाणींच्या आक्रमणापासून पश्चिम घाटाचा तो भाग वाचला याचे मोठे श्रेय त्या निर्णयाला आहे, असे मी मनापासून मानतो. पण वन्यजीव संरक्षण कायदा, १९७२ नुसार अभयारण्याची प्रक्रिया अधिसूचनेवर संपत नाही. जिल्हाधिकाऱ्याने उद्घोषणा करून तेथील लोकांचे हक्क नोंदवायचे, चौकशी करायची आणि ते मान्य करायचे, बदल्यात भरपाई द्यायची की फेटाळायचे हे ठरवायचे, असा पुढचा भाग त्याच कायद्यात आहे. गोव्यात अधिसूचना तातडीने निघाली आणि हक्कांची चौकशी वर्षानुवर्षे रेंगाळली. आजच्या बहुतेक तक्रारींचे मूळ मला या अर्धवट राहिलेल्या कामात दिसते.

अभयारण्यात गुरे चारणे गुन्हा आहे का?

अभयारण्यात चराईवर सरसकट बंदी नाही. मुख्य वन्यजीव रक्षक ती नियंत्रित करू शकतो किंवा तिला मनाईही करू शकतो, आणि त्याच्या परवानगीने चालणारी चराई कायद्याला मान्य आहे. अभयारण्याच्या पाच किलोमीटरच्या आत असलेल्या जनावरांना लस टोचण्याची तरतूदही याच कायद्यात आहे, म्हणजे तिथे जनावरे असणार हे कायद्याने गृहीत धरले आहे. राष्ट्रीय उद्यानाची गोष्ट निराळी आहे. मोलेच्या उद्यानाचे जे सुमारे १०७ चौरस किलोमीटर क्षेत्र आहे, तेथे पाळीव जनावरांच्या चराईला मनाई आहे. आपले रान नेमके कोणत्या हद्दीत येते हे नकाशावर पाहून घ्यावे. पहाऱ्यावरच्या वनरक्षकाने तोंडी सांगितले म्हणून हक्क जात नाही, आणि त्याने तोंडी मुभा दिली म्हणून तो मिळतही नाही.

आम्ही अनुसूचित जमातीत नाही. मग २००६ चा वनहक्क कायदा आम्हाला लागू होतो का?

होतो. हा प्रश्न मला सर्वांत जास्त वेळा विचारला जातो, आणि चुकीच्या उत्तरामुळे कित्येकांनी अर्जच केलेला नाही. या कायद्याच्या नावातच दोन वर्ग आहेत : अनुसूचित जमाती आणि इतर पारंपरिक वननिवासी. गोव्यातील धनगर दुसऱ्या वर्गात येतात. दोन्ही वर्गांना मिळणारे हक्क सारखेच आहेत. फरक पुराव्यात आहे. १३ डिसेंबर २००५ पूर्वी किमान तीन पिढ्या, आणि पिढी म्हणजे पंचवीस वर्षे, या हिशेबाने पंचाहत्तर वर्षे आपले कुटुंब मुख्यत्वे त्या वनक्षेत्रात राहत होते आणि खऱ्याखुऱ्या उपजीविकेसाठी वनावर अवलंबून होते, हे इतर पारंपरिक वननिवासींना दाखवावे लागते. म्हणजे आपल्याला १९३० सालापर्यंत मागे जायचे आहे.

येथे एक मोठा गैरसमज दूर करायला हवा. पंचाहत्तर वर्षांची अट वास्तव्याची आहे. ज्या तुकड्यावर आज घर किंवा काजूची लागवड आहे, तोच तुकडा पंचाहत्तर वर्षे ताब्यात असायला हवा असे कायदा म्हणत नाही. त्या तुकड्याचा ताबा १३ डिसेंबर २००५ रोजी होता एवढे पुरे आहे. केंद्राच्या आदिवासी व्यवहार मंत्रालयानेही हाच खुलासा केलेला आहे. वाडा डोंगराच्या या खांद्यावरून त्या खांद्यावर गेला म्हणून दावा बाद होत नाही. वाडा हलवण्याची रीत ज्या समाजात होती, त्याच्यासाठी हा खुलासा म्हणजे दाव्याचा कणा आहे.

पंचाहत्तर वर्षांचा पुरावा आणायचा कुठून? आमच्या आजोबांकडे तर कागदाचा कपटाही नव्हता.

वनहक्क कायद्याखालील नियमांपैकी नियम १३ पुन्हा पुन्हा वाचावा, असे मी प्रत्येकाला सांगतो. त्यात सरकारी दस्तऐवज, मतदारयादी, रेशनकार्ड, घरपट्टीच्या पावत्या आहेतच. पण त्याच यादीत घर, झोपडी, विहीर, स्मशान, पवित्र स्थान यांसारख्या जमिनीवरच्या खुणा आहेत, आणि दावेदार सोडून इतर वडीलधाऱ्यांनी सांगितलेली व लिहून घेतलेली हकिगतही आहे. यांपैकी एकाहून अधिक पुरावे हवेत. अमुकच कागद हवा असा हट्ट धरायला नियमांत आधार नाही.

एक उदाहरण देतो. म्हादईच्या पट्ट्यातील एका वाड्यावरच्या दाव्यासाठी आम्ही वाड्यातल्या सर्वांत वयस्क बाबांना घेऊन त्यांच्या जन्माच्या जागी गेलो. तो वाडा उठून अर्धे शतक तरी झाले असेल. वर दाट झाडी होती, काहीच दिसत नव्हते. बाबा कमरेच्या कोयत्याने वेली छाटत पुढे गेले, एका आंब्यापाशी थांबले आणि पायाने पाचोळा बाजूला सारू लागले. खाली ओबडधोबड दगडांची सरळ ओळ निघाली. ते घराचे जोते होते. त्याच्या एका कोपऱ्यात चपट्या दगडाला वाटीएवढा गुळगुळीत खळगा होता. बाबा खाली बसले, खळग्यात तीन बोटे घालून गोल फिरवली आणि म्हणाले, "हांगा आजीची रवी. सकाळी आवाज यायचा तो ह्योच." रवीचा खांब रोवण्याची ती जागा होती. पुढे वीस पावलांवर वाड्याचा देव होता, शेंदूर धुऊन गेलेला, आणि खालच्या बाजूला जनावरांच्या येण्याजाण्याने माणसाच्या कमरेइतकी खोल झालेली वाट होती. एवढी खोल वाट पाच-दहा वर्षांत पडत नाही.

या तिन्ही खुणांची छायाचित्रे घेतली, जागेचे अक्षांश-रेखांश नोंदले, शेजारच्या गावातील ज्या शेतकऱ्याच्या मळ्यात या वाड्याची जनावरे बसत, त्याच्या वृद्ध आईचा जबाब लिहून घेतला. वडीलधाऱ्याचा जबाब शेजारगावच्या, दुसऱ्या समाजाच्या माणसाचा असेल तर त्याला वजन येते. जबाबात साल विचारू नये. म्हाताऱ्या माणसाला साल सांगता येत नाही आणि चुकीचे सांगितले तर तेच पुढे अंगावर येते. मुक्तीच्या वेळी तुम्ही केवढ्या होता, तेव्हा तुमच्या वाड्यावर कोण कोण होते, तुमचे लग्न झाले तेव्हा वाडा कुठे होता, असे विचारावे. मुक्तीचे साल ठाऊक असल्याने त्यावरून मागचा हिशेब लागतो.

पोर्तुगीज काळात जन्म-विवाहाच्या नोंदी होत असत. डोंगरातल्या बऱ्याच कुटुंबांनी त्या केल्या नाहीत हे खरे. तरी तालुक्याच्या ठिकाणी निबंधकाकडे आजोबा-पणजोबांच्या नावाने शोध जरूर घ्यावा. नावे रोमन लिपीत, पोर्तुगीज वळणाच्या वेड्यावाकड्या स्पेलिंगने लिहिलेली असतात, म्हणून जाणत्या माणसाला सोबत न्यावे.

चराईचा हक्क वैयक्तिक मागायचा की सामूहिक?

घर आणि लागवडीखालची जमीन यांसाठी नमुना 'अ' मधील वैयक्तिक दावा, आणि त्याची कमाल मर्यादा चार हेक्टर. चराई, पाणवठे, वाटा, गौण वनोपज यांसाठी नमुना 'ब' मधील सामूहिक दावा. कायद्याच्या कलम ३ मध्ये चराईचा आणि भटक्या वा पशुपालक समाजांच्या हंगामी वनवापराचा हक्क स्पष्ट शब्दांत लिहिलेला आहे. मोकळेपणाने बोलायचे तर गोव्यात या कलमाकडे फारसे कोणी वळलेच नाही. राज्यात सुमारे दहा हजार दावे दाखल झाले, त्यांत सामूहिक दाव्यांचा वाटा अगदी थोडा. प्रत्येकाने आपले घर आणि काजू वाचवण्याची धडपड केली, आणि ज्या रानामुळे ते घर तिथे उभे राहिले ते रान दाव्याबाहेर राहिले. घराचा पट्टा मिळाला आणि म्हशीने दाराबाहेर पाऊल टाकताच ती अतिक्रमण ठरली, तर त्या पट्ट्याचा पशुपालकाला उपयोग किती?

सामूहिक दाव्यासोबत नकाशा जोडावा, आणि तो ऋतूप्रमाणे काढावा : पावसाळ्यात जनावरे कुठवर जातात, दिवाळीनंतर कुठे, उन्हाळ्यात कोणत्या कोंडावर. अशा एका नकाशाशिवाय केलेल्या दाव्याच्या बाबतीत काय झाले ते मी पाहिले आहे. पडताळणीसाठी आलेले पथक वैशाखातल्या दुपारी वाड्यावर पोहोचले. सगळी माणसे जनावरांबरोबर खालच्या व्हाळावर होती. पथकाने चराईच्या रानाचे दोन फोटो काढले आणि पंचनाम्यात 'मोकळी जागा, वापर दिसत नाही' अशी ओळ लिहिली. ती ओळ काढायला आम्हाला पुढे दोन वर्षे लागली. पशुपालकांच्या दाव्याची पडताळणी ते किंवा त्यांचे प्रतिनिधी हजर असतानाच व्हायला हवी, असे नियम १२ सांगतो. पथक येण्याआधीच हा नियम लेखी पत्राने वनहक्क समितीच्या (ग्रामसभेने निवडलेल्या) आणि उपविभागीय समितीच्या निदर्शनास आणून द्यावा आणि त्या पत्राची पोच घ्यावी.

दावा प्रलंबित असताना आम्हाला हुसकावून लावता येते का?

नाही. दाव्याची पडताळणी आणि मान्यतेची प्रक्रिया पूर्ण होईपर्यंत ताब्यातील वनजमिनीवरून कोणालाही काढता येत नाही, असे वनहक्क कायद्याच्या कलम ४ मध्ये म्हटले आहे. दाव्याची पोचपावती घरात जपून ठेवावी.

वाघाने म्हैस मारली तर काय करावे?

मारलेले जनावर हलवू नये, त्याच दिवशी वनखात्याला कळवावे, पंचनामा करून घ्यावा, पशुवैद्याचा दाखला मिळवावा आणि भरपाईचा अर्ज द्यावा. फोटो स्वतःही काढून ठेवावेत.

आणि विष घालू नये. हे मी कायद्याच्या भीतीपोटी लिहीत नाही. जानेवारी २०२० मध्ये म्हादई अभयारण्यात गोळावली येथे एक वाघीण आणि तिची तीन पिल्ले मेलेली सापडली, विषप्रयोगाचे निदान झाले आणि एका पशुपालक कुटुंबातील काही जणांना अटक झाली. त्या घटनेचे दुःख मला आजही आहे. वाड्यावाड्यांवर वाघाला देव मानून पुजण्याची रीत आपली आहे; वाघाच्या मूर्ती गोव्याच्या डोंगरात गावोगाव आहेत. पण त्याच वेळी हेही लिहिले पाहिजे की दुभती म्हैस हे त्या घराचे सगळे भांडवल असते. ती गाभण राहून विण्यास दहा महिने लागतात, पारडी दुधावर येण्यास तीन-चार वर्षे जातात. भरपाई अपुरी मिळाली किंवा सहा महिन्यांनी मिळाली, तर मधल्या काळात ते घर काय खाईल, या प्रश्नाचे उत्तर ज्याने द्यायचे त्याने वेळेवर दिले असते तर वाघ आणि वाडा यांच्यात एवढे वैर वाढले नसते. ज्या रानात वाघ टिकून राहिला त्या रानात धनगर पिढ्यान्पिढ्या होता, ही गोष्ट दोघांच्याही बाजूने बोलते.

व्याघ्र प्रकल्प झाला तर घर सोडावे लागेल का?

मुंबई उच्च न्यायालयाच्या गोवा खंडपीठाने २४ जुलै २०२३ रोजी म्हादई आणि लगतच्या संरक्षित क्षेत्रांचा व्याघ्र प्रकल्प तीन महिन्यांत अधिसूचित करण्याचा आदेश दिला, आणि त्याचबरोबर वननिवासींचे हक्क व दावे बारा महिन्यांत निकाली काढण्यासही सांगितले. राज्य सरकारने या आदेशाला सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिले. वर्तमानपत्रांत पहिल्या भागाची जितकी चर्चा झाली, तितकी दुसऱ्या भागाची झाली नाही. आपल्यासाठी मात्र तो दुसरा भाग मोलाचा आहे.

कायदा काय सांगतो ते पाहा. व्याघ्र प्रकल्पात गाभा क्षेत्र आणि बफर क्षेत्र असे दोन भाग असतात. बफरमध्ये माणसांचे वास्तव्य, शेती आणि उपजीविका यांना जागा आहे. गाभा क्षेत्रातून पुनर्वसन करायचे झाल्यास ते ऐच्छिक, दोन्ही बाजूंनी मान्य केलेल्या अटींवर आणि वनहक्कांची मान्यता पूर्ण झाल्यानंतरच करता येते. ग्रामसभेची माहितीपूर्ण संमती त्यासाठी लागते. केंद्राच्या योजनेतील मोबदला प्रत्येक कुटुंबाला दहा लाख रुपये होता, तो २०२१ मध्ये पंधरा लाख करण्यात आला. त्यामुळे "व्याघ्र प्रकल्प आला की दुसऱ्या दिवशी बाहेर" असे सभांमधून जे सांगितले जाते ते खरे नाही, आणि "काहीच बदलणार नाही" असे जे दुसऱ्या बाजूने सांगितले जाते, तेही खरे नाही. ज्यांचे हक्क तोपर्यंत नोंदले गेले असतील त्यांच्याशी वाटाघाटी करावी लागेल. ज्यांचे नोंदले गेले नसतील त्यांना अतिक्रमण करणारे म्हणणे सोपे जाईल.

गावडा, कुणबी आणि वेळीप अनुसूचित जमातीत गेले, धनगर का राहिले?

जानेवारी २००३ मध्ये झालेल्या दुरुस्तीने गावडा, कुणबी आणि वेळीप यांचा गोव्याच्या अनुसूचित जमातींच्या यादीत समावेश झाला. २०११ च्या जनगणनेत राज्यातील अनुसूचित जमातींची संख्या १,४९,२७५, म्हणजे दहा टक्क्यांच्या थोडी वर होती. त्या वेळी बरोबरीने मागणी करणारा धनगर समाज मात्र यादीबाहेर राहिला, आणि आज तो इतर मागासवर्गीयांत मोडतो.

यादीत बदल राज्य सरकार करू शकत नाही. राज्याने शिफारस करायची, भारताच्या महानिबंधकांनी (जनगणनेचे प्रमुख अधिकारी) तिला सहमती द्यायची, मग राष्ट्रीय अनुसूचित जमाती आयोग, मग केंद्रीय मंत्रिमंडळ आणि शेवटी घटनेच्या कलम ३४२ नुसार संसदेचा कायदा, असा हा प्रवास आहे. गोव्याचा प्रस्ताव महानिबंधकांच्या पायरीवर पुन्हा पुन्हा अडला. तेथे १९६५ च्या लोकूर समितीचे पाच निकष लावले जातात : आदिम लक्षणे, वेगळी संस्कृती, भौगोलिक अलगपणा, बाहेरच्या समाजाशी संपर्काचा संकोच आणि मागासलेपण. हे शब्दच मला खुपतात. आपल्या आजीला आदिम म्हणून सिद्ध करण्याची वेळ नातवावर यावी, हे बरे नव्हे. शिवाय साठ वर्षांपूर्वीचे निकष आजच्या वाड्याला लावताना ज्या मुलाने पदवी घेतली आणि मोबाईल वापरला, त्याच्यामुळेच समाजाचा दावा दुबळा ठरतो.

महाराष्ट्रातील धनगर आरक्षणाच्या आंदोलनाशी याचा संबंध आहे का?

फार थोडा. महाराष्ट्रात धनगर भटक्या जमातींच्या 'क' गटात असून तेथील वाद यादीतील 'धनगड' हा शब्द म्हणजेच 'धनगर' का, याभोवती फिरतो. गोव्याच्या यादीत असा शब्दच नाही. येथील मागणी नव्या समावेशाची आहे.

डेअरीला दूध घालून हा व्यवसाय आधुनिक पद्धतीने करता येणार नाही का?

पुष्कळ कुटुंबे करत आहेत. सहकारी संस्थांची संकलन केंद्रे रस्त्यालगतच्या गावांत आहेत, कुर्टी-फोंडा येथे गोवा डेअरी आहे, पशुसंवर्धन खात्याच्या कामधेनू योजनेतून दुभती जनावरे घेण्यास अनुदान मिळते. म्हशीच्या दुधात सुमारे सात टक्के स्निग्धांश असतो, गाईच्या दुधात चारच्या आसपास. फॅटवर दर ठरत असल्याने म्हशीवाल्याचा त्यात फायदाच आहे.

अडते ते दुसरीकडे. अनुदानातून येणारे जनावर बाहेरच्या राज्यातले, गोठ्यात बांधून खुराकावर पोसण्याच्या सवयीचे असते. डोंगरातली म्हैस दिवसाला थोडेच लिटर देते, पण पाला आणि रानगवत खाऊन देते, गोचिडांना आणि पावसाला दाद देत नाही, आणि संध्याकाळी न हाकता घरी येते. तिच्या चाऱ्याचा खर्च रान उचलत असे. रान बंद झाले की पेंड विकत घ्यावी लागते, आणि दुधाचे पैसे पेंडवाल्याकडे जातात. शिवाय अर्जाला जागेचा उतारा मागितला, तर ज्याच्या गोठ्याखालची जमीन दुसऱ्याच्या नावे आहे तो काय जोडणार? पहाटे चारला किटली डोक्यावर घेऊन तीन किलोमीटर उतरणाऱ्या बाईला योजनांचा तिटकारा नाही. तिची म्हैस आणि तिची वाट धरून आखलेली योजना तिला अजून भेटलेली नाही.

मुलांना हे काम नको आहे. मग हक्क मागून उपयोग काय?

मुलांपैकी कोणी वाळपईला दुकानात आहे, कोणी औद्योगिक वसाहतीत, कोणी पोलिसात. दसऱ्याला मात्र सगळे वाड्यावर असतात. देव बाहेर निघतात, मांडावर (वाड्याच्या पवित्र मोकळ्या जागेत) फुगड्या आणि गजानृत्य होते, आणि त्या चार दिवसांत रिकामा वाटणारा वाडा भरून जातो. वैयक्तिक हक्काची नोंद पती-पत्नी दोघांच्या नावे होते, वारसांकडे जाते आणि विकता येत नाही. उद्या कोणाला परत यायचे असेल तर परतण्याला जागा उरते. खाणी २०१२ मध्ये बंद पडल्या तेव्हा ट्रकवर कामाला गेलेली कितीतरी मुले महिन्याभरात वाड्यावर परतली आणि घरच्या म्हशींनी त्यांना सांभाळले, हे त्यांच्या घरच्यांकडून ऐकावे.

वाड्यावर आता कोणी म्हातारे माणूस उरलेले नाही. जबाब कोणाचा घ्यायचा?

ज्या गावात जनावरे बसत त्या गावात जावे. जुना तूप-लोण्याचा गिऱ्हाईक, त्याचे वंशज, देवळाचे पुजारी, निवृत्त शिक्षक, वाड्यावरून दुसऱ्या तालुक्यात दिलेल्या लेकी, यांपैकी कोणी ना कोणी असतेच. सासरी गेलेल्या बायकांना माहेरचा वाडा बारीकसारीक तपशिलांसह आठवतो, आणि आजवरच्या दाव्यांत त्यांना विचारायला फार कमी लोक गेले आहेत. जबाब त्यांच्याच शब्दांत लिहावा, वाचून दाखवावा, सही किंवा अंगठा घ्यावा, दोन साक्षीदार ठेवावेत आणि एक प्रत वनहक्क समितीकडे देऊन पोच घ्यावी. नंतर त्यांना शक्य असेल तर त्या जागेवर घेऊन जावे, आणि सोबत पाचोळा सारायला एक काठी ठेवावी.